दोनशे चाळीस गॅलन

माल परत मागवणे ही व्यापारात नामुष्कीची गोष्ट मानली जाते. वखारीतून निघालेला, बिल झालेला, वाटेला लागलेला माल पुन्हा आत घ्यायचा म्हणजे पैशाचे नुकसान तर होतेच. पण त्याहून मोठा घाव बसतो तो नावावर. म्हणून अशा वेळी बहुतेक पेढ्या शक्य तितके मोघम लिहितात. अमेरिकेतील टेनेसी राज्यात ब्रिस्टल नावाचे शहर आहे. तेथील एस. ई. मॅसेन्गिल या औषध कंपनीने १९३७ च्या ऑक्टोबर महिन्यात आपल्या हजाराहून अधिक फिरत्या विक्रेत्यांना, औषध दुकानदारांना व डॉक्टरांना तारा पाठवल्या, त्या अशाच मोघम होत्या. अमुक औषध परत पाठवावे, एवढेच त्यांत होते. ते औषध घेतलेली माणसे मरत आहेत, हे त्यांत नव्हते.

औषध होते सल्फानिलामाइड. आज हे नाव फारसे कोणाला आठवत नाही. परंतु पेनिसिलिन बाजारात येण्यापूर्वीच्या त्या काळात ते चमत्काराच्या पंक्तीत बसले होते. गेरहार्ड डोमाग्क या जर्मन संशोधकाने प्रॉन्टोसिल नावाच्या लाल रंगद्रव्याचा जंतुनाशक गुण १९३५ मध्ये प्रसिद्ध केला. त्या रंगातील खरे काम करणारा घटक सल्फानिलामाइड होय, हे पॅरिसच्या पाश्चर संस्थेतील संशोधकांनी लगोलग दाखवून दिले. हा पदार्थ १९०८ पासून रसायनशास्त्राला ठाऊक होता आणि त्यावर कोणाचीही मक्तेदारी उरली नव्हती. जो कारखानदार ते बनवू शकेल त्याने बनवावे आणि विकावे, अशी स्थिती होती. त्यातच १९३६ च्या अखेरीस अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांचा, म्हणजे फ्रँकलिन रूझवेल्ट यांचा, तरुण मुलगा घशाच्या गंभीर जंतुसंसर्गातून याच जातीच्या औषधाने बरा झाला. वर्तमानपत्रांतून ही वार्ता देशभर गेली. अशी जाहिरात पैसे मोजूनही मिळत नाही.

औषध गोळ्यांच्या व भुकटीच्या रूपात मिळत असे. मॅसेन्गिल कंपनीच्या एका विक्रेत्याने १९३७ च्या जून महिन्यात कळवले की, दक्षिणेकडील राज्यांत हे औषध पातळ स्वरूपात मागितले जात आहे. मुलांना गोळी गिळवत नाही, चमच्याने औषध देणे सोपे, हे कोणत्याही घरातील आई सांगेल. अडचण एकच होती : सल्फानिलामाइड पाण्यात किंवा मद्यार्कात नीट विरघळत नाही. कंपनीचे मुख्य रसायनज्ञ हॅरोल्ड वॉटकिन्स यांनी शोधाशोध केली आणि डायएथिलीन ग्लायकॉल या द्रवात ते उत्तम विरघळते, असे त्यांना आढळले. हा द्रव रंगहीन, दाटसर आणि चवीला गोड. त्याचा वापर मुख्यतः कारखान्यांत होत असे. तयार झालेल्या औषधात त्याचे प्रमाण ७२ टक्के होते. त्यात रासबेरीचा स्वाद मिसळला, गुलाबी रंग आणला आणि कंपनीच्या प्रयोगशाळेत त्याची तपासणी झाली. ती तपासणी रंगाची, वासाची आणि चवीची होती. तिन्ही परीक्षांत औषध उत्तीर्ण झाले. ते पोटात गेल्यावर काय करते, ही चौथी परीक्षा कोणी घेतली नाही. एखाद्या उंदरावरसुद्धा नाही.

सप्टेंबरच्या आरंभापासून त्याची ६३३ पार्सले देशभर रवाना झाली. एकूण तयार माल होता २४० गॅलन, म्हणजे सुमारे नऊशे लिटर.

डायएथिलीन ग्लायकॉलचा मुख्य घाव मूत्रपिंडांवर होतो. प्रथम मळमळ, उलट्या, पोटात तीव्र वेदना; मग लघवी कमी होत होत बंद; नंतर गुंगी, आचके. रुग्ण आठवडा ते तीन आठवडे या अवस्थेत राहत. मूळ आजार घसादुखीसारखा साधा असल्यामुळे घरच्यांना प्रथम वाटे, आजारच बळावला. आणि काही घरांत त्यामुळे चमचा आणखी एकदा भरला गेला असेल. ओक्लाहोमा राज्यातील टल्सा येथील डॉक्टरांच्या ध्यानात आले की, हे सर्व रुग्ण एकाच बाटलीतले औषध घेत होते. ११ ऑक्टोबर रोजी त्यांचे वृत्त शिकागोस्थित अमेरिकन मेडिकल असोसिएशनकडे पोहोचले. असोसिएशनच्या प्रयोगशाळेने औषधाचे पृथक्करण करून दोष द्रावकात आहे हे सांगितले. सरकारी यंत्रणेला, म्हणजे अन्न व औषध प्रशासनाला, ही बातमी मिळाली ती १४ तारखेला, आणि तीही न्यूयॉर्कच्या एका डॉक्टराकडून.

सरकारला बातमी सर्वांत शेवटी का कळावी, याचे उत्तर तीन दशके मागे जाऊन शोधावे लागते.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस अमेरिकेत ‘पेटंट औषधां’चा जो बाजार फोफावला होता, त्याची कल्पना करण्यासाठी रेल्वेच्या रुळांलगतच्या भिंतींवर रंगवलेल्या जाहिराती आठवाव्यात आणि त्या दसपटीने वाढवाव्यात. क्षयापासून वंध्यत्वापर्यंत आणि नैराश्यापासून कर्करोगापर्यंत सर्व व्याधींवर एकच बाटली. ‘पेरुना’ नावाच्या लोकप्रिय औषधात मद्यार्काचे प्रमाण २८ टक्क्यांच्या घरात होते, आणि दारूबंदीची शपथ घेतलेल्या घरांतूनही असली औषधे सश्रद्ध भावाने घेतली जात. ‘मिसेस विन्स्लोज सूदिंग सिरप’ हे रडणाऱ्या बाळांना शांत करण्यासाठी होते. बाळे शांत होत, कारण त्यात मॉर्फिन होते. काही कायमची शांत झाली. क्लार्क स्टॅन्ली नावाचा विक्रेता आपले ‘सर्पतेल’ विकत असे. पुढे सरकारने ते तपासले तेव्हा त्यात खनिज तेल, थोडी चरबी व मिरचीचा अर्क असे काहीबाही निघाले, आणि त्याला दंड झाला वीस डॉलर.

वर्तमानपत्रे याविरुद्ध का लिहीत नव्हती, हा प्रश्न व्यापारी वाचकाला लगेच पडेल. ‘कोलियर्स’ या साप्ताहिकाने १९०५ मध्ये त्याचे उत्तर छापले. सॅम्युएल हॉपकिन्स अ‍ॅडम्स या पत्रकाराची पेटंट औषधांच्या फसवणुकीवरील लेखमाला तेथे चालू होती, आणि तिच्या जोडीला जाहिरातींच्या करारांचे नमुनेच प्रसिद्ध करण्यात आले. औषध कंपन्या वर्तमानपत्रांशी वर्षानुवर्षांचे जाहिरातीचे करार करीत आणि त्यांत एक कलम असे : त्या राज्यात अशा औषधांच्या निर्मितीवर वा विक्रीवर निर्बंध घालणारा कायदा झाला, तर करार रद्द. कलम छोटे, पण त्याची किमया मोठी. विधिमंडळात विधेयक येण्याची चाहूल लागताच राज्यातील संपादकच आपल्या उत्पन्नाच्या काळजीने त्याच्या विरोधात उभे राहत. त्यांना लाच देण्याची आवश्यकता नव्हती. त्यांचा ताळेबंदच त्यांना समजावून सांगत असे. करारशास्त्राच्या दृष्टीने पाहिले तर या कलमाच्या कर्त्याला दाद द्यावी लागते, आणि माणूस म्हणून पाहिले तर शहारा येतो.

शेती खात्याचे मुख्य रसायनज्ञ हार्वे वायली आणि अ‍ॅडम्ससारखे पत्रकार यांच्या प्रयत्नांतून ३० जून १९०६ रोजी अन्न व औषध शुद्धतेचा पहिला राष्ट्रीय कायदा झाला. तो मुख्यतः लेबलाचा कायदा होता. मद्यार्क, अफू, मॉर्फिन, कोकेन, हेरॉइन अशा अकरा द्रव्यांपैकी काही औषधात असेल तर त्याचे प्रमाण लेबलावर छापणे बंधनकारक झाले. जे छापले ते खरे असले पाहिजे, इतकेच. जे छापलेच नाही त्याबद्दल कायदा बहुतांशी मौन होता. १९११ मध्ये कर्करोगावरच्या एका बनावट औषधाचा खटला सर्वोच्च न्यायालयात गेला, तेव्हा न्यायालयाने बहुमताने ठरवले की, कायदा औषधातील घटकांबद्दलच्या खोट्या विधानांना लागू आहे. ते रोग बरा करते या दाव्याला नाही. पुढच्या वर्षी दुरुस्ती झाली. परंतु तिच्याखाली विक्रेत्याचा फसवण्याचा हेतू सिद्ध करावा लागे. ज्याचा स्वतःच्या सर्पतेलावर विश्वास आहे अशा माणसाचे काय करणार ? १९३३ मध्ये नवे, कडक विधेयक मांडले गेले. चार वर्षे ते समित्यांच्या कपाटांत फिरत राहिले.

म्हणून १९३७ च्या शरद ऋतूत कायद्याची स्थिती अशी होती की, औषध विकण्यापूर्वी ते सुरक्षित आहे हे पाहणे कोणाचेही कर्तव्य नव्हते. विषारी औषध विकणे हा गुन्हाच नव्हता.

मग सरकारने हा माल जप्त कोणत्या अधिकाराने केला ? लेबलावरील एका शब्दाच्या आधाराने. कंपनीने औषधाला ‘इलिक्झिर’ म्हटले होते, आणि औषधशास्त्रात इलिक्झिर म्हणजे मद्यार्कयुक्त द्रावण. या बाटलीत मद्यार्काचा थेंब नव्हता. म्हणजे लेबल खोटे, म्हणजे कायदाभंग. कंपनीने त्याला नुसते ‘द्रावण’ म्हटले असते, तर सरकारला बाटलीला हात लावण्याचा अधिकार राहिला नसता आणि ती दुकानाच्या फळीवर कायदेशीररीत्या उभी राहिली असती. शंभरावर मृत्यूंचा खटला शेवटी एका पारिभाषिक शब्दावर चालला, ही गोष्ट वाचताना आजही अवघडल्यासारखे होते.

परंतु शब्दाने अधिकार दिला, बाटल्या काही शोधून दिल्या नाहीत. त्या शोधल्या कागदांनी. आणि या प्रकरणाचा हा भाग व्यापारी घरांनी सावकाश वाचावा असा आहे.

प्रशासनाचे निरीक्षक ब्रिस्टलला गेले आणि त्यांच्या आग्रहावरून कंपनीने दुसऱ्या तारा पाठवल्या, ज्यांत औषध जिवाला घातक आहे हे स्पष्ट लिहिले होते. तारेने काम भागणार नव्हते. देशभरातील २३९ निरीक्षक व रसायनज्ञ, म्हणजे प्रशासनाचे जवळजवळ सर्व मनुष्यबळ, या एका कामाला लावले गेले. ब्रिस्टलखेरीज कॅन्सस सिटी, न्यूयॉर्क व सॅन फ्रान्सिस्को येथे कंपनीच्या शाखा होत्या. तेथील आवक-जावक, मालाची बिले, मागणीच्या हजारो चिठ्ठ्या एकेक करून पाहिल्या गेल्या. कोणत्या घाऊक व्यापाऱ्याला किती गेले, त्याने कोणत्या दुकानाला किती दिले, दुकानदाराने कोणत्या डॉक्टरच्या चिठ्ठीवर किती औंस मोजले, हा हिशेब उलट्या दिशेने लावत निरीक्षक घरापर्यंत पोहोचत. जेथे खतावणी नीट होती तेथे तासाभरात काम होई. जेथे नव्हती तेथे दिवस जात, आणि प्रत्येक दिवसाला कोणाचे तरी मूल चमचा तोंडाशी नेत असे.

काही चिठ्ठ्यांवर पत्ता नव्हता. कोठे नुसते आडनाव. एके ठिकाणी नऊ महिन्यांच्या बाळाचे पहिले नाव, बस्स. काही दुकानदारांनी चिठ्ठीशिवायच औषध दिले होते, आणि घेणारा माणूस अनोळखी होता. एका स्त्रीने निरीक्षकाला सांगितले की, तिने ते औषध नष्ट केले. खोदून विचारल्यावर कळले, नष्ट म्हणजे खिडकीतून गल्लीत टाकले. निरीक्षकाने गल्ली शोधली. बाटली फुटली नव्हती, लेबल शाबूत होते आणि एखाद्या खेळणाऱ्या मुलाचा जीव जाईल एवढे औषध तिच्यात शिल्लक होते. दुसरीकडे तीन वर्षांच्या एका मुलाचे कुटुंब औषध घेऊन डोंगराळ मुलखात राहायला गेले होते. त्याला शोधण्यासाठी एका डॉक्टरने स्वतःचे लग्न पुढे ढकलले आणि तो प्रशासनाच्या रसायनज्ञाबरोबर डोंगरांतून फिरला. मूल सापडले आणि वाचले.

सर्वांत अधिक विलंब झाला तो माणसांच्या भीतीमुळे. माल विकल्याचे कबूल करायचे म्हणजे त्याने कोणी मेले असेल तर त्याचे उत्तरदायित्व अंगावर घ्यायचे. टेक्सासमधील एका फिरत्या विक्रेत्याने आपण कोणाला माल दिला ते सांगण्यास नकार दिला. त्याला तुरुंगात टाकल्यावर त्याचे तोंड उघडले. हा माणूस खलनायक होता असे समजण्याचे कारण नाही. त्याने बंद बाटली विकली होती. आत काय आहे हे त्याला ठाऊक असण्याचा संभव नव्हता. गिऱ्हाइकांची नावे हीच त्याची पुंजी. ती दुसऱ्याच्या हाती देऊ नयेत, हे त्याच्या धंद्याने त्याला शिकवले होते. बाजारातला कोणता दलाल वेगळे शिकलेला असतो ? तरीही तो गप्प बसला तेवढे दिवस त्या नावांच्या घरांत बाटल्या फळीवर होत्या, हे सत्य उरतेच.

शेवटी २४० गॅलनांपैकी २३४ गॅलन व एक पाइंट माल हाती आला. जो आला नाही तो सहा गॅलनांहूनही थोडा कमी. एका मोठ्या हंड्यात मावेल एवढा. पंधरा राज्यांतील शंभराहून अधिक माणसे त्या हंड्यातली होती. त्यांत लहान मुले बरीच होती.

कंपनीच्या मालकांनी जाहीर केले की, घडले त्याचे दुःख आहे, परंतु व्यवसायात काही चूक झाली असे वाटत नाही. औषधाची मागणी होती, ती पुरवली, आणि असा परिणाम कोणाला अपेक्षित नव्हता. कायद्याच्या अक्षराप्रमाणे त्यांचे म्हणणे खरे होते, हीच त्यातील भयंकर गोष्ट. कंपनीला २६,१०० डॉलर दंड झाला. १९०६ च्या कायद्याखाली तोवर झालेला सर्वांत मोठा. दंड माणसे मेल्याबद्दल नव्हता, चुकीच्या लेबलाबद्दल होता. रसायनज्ञ वॉटकिन्स यांनी पुढे आत्महत्या केली. मालकांच्या निवेदनात जे आले नाही ते त्यांनी अशा प्रकारे सांगितले असावे.

त्या ऑक्टोबरमध्ये मिसिसिपीतील एका खेड्यातल्या डॉक्टराने लिहिलेले पत्र टिकून आहे. पाव शतक वैद्यकी केलेल्या या माणसाचे सहा रुग्ण त्याने स्वतः लिहून दिलेल्या औषधाने गेले. त्यांत त्याचा जिवलग मित्र होता. ज्या औषधावर आपण विश्वास ठेवला, ज्या नामांकित पेढीने ते नव्या रूपात दिले, तेच विष ठरले, या जाणिवेने घालवलेल्या दिवसरात्रींचे वर्णन त्यात आहे. आणि टल्साच्या एका आईने राष्ट्राध्यक्षांना पत्र लिहिले. तिच्या सहा वर्षांच्या मुलीचे छायाचित्र तिने सोबत जोडले होते. मुलीसाठी डॉक्टरला बोलावण्याची ती पहिलीच वेळ होती, असे ती लिहिते; आणि अशी औषधे विकण्याला आळा घालावा एवढेच मागते. नुकसानभरपाईचा शब्द त्या पत्रात नाही.

चार वर्षे कपाटांत फिरणारे विधेयक आता चालू लागले. २५ जून १९३८ रोजी रूझवेल्ट यांनी नव्या कायद्यावर स्वाक्षरी केली. नवे औषध बाजारात आणण्यापूर्वी ते सुरक्षित असल्याचा पुरावा सरकारला सादर करणे निर्मात्यावर बंधनकारक झाले. सिद्ध करण्याचा भार प्रथमच गिऱ्हाइकाच्या खांद्यावरून उतरून कारखानदाराच्या खांद्यावर आला. (शिकागो विद्यापीठात या औषधाचे प्राण्यांवरील प्रयोग झाले, त्यांत फ्रान्सिस केल्सी नावाची एक विद्यार्थिनी होती. पुढे १९६० मध्ये अन्न व औषध प्रशासनात नव्याने रुजू झालेल्या याच केल्सीबाईंनी थॅलिडोमाइडचा अर्ज पुरावा अपुरा म्हणून पुन्हा पुन्हा परत पाठवला. युरोपात त्या औषधामुळे हजारो मुले विकलांग जन्मली. अमेरिकेत ते विक्रीला येऊ शकले नाही.)

भारतात हा कायदा आला तो वेगळ्या वाटेने. कर्नल रामनाथ चोप्रा यांच्या अध्यक्षतेखाली १९३० मध्ये सरकारने औषध चौकशी समिती नेमली. परदेशातून येणाऱ्या आणि देशात बनणाऱ्या औषधांतील भेसळ व निकृष्टता तिने पुढच्या वर्षीच्या अहवालात मांडली. तरीही औषधांचा कायदा व्हायला १९४० उजाडले. १९५४ मध्ये चमत्कारी उपायांच्या जाहिरातींना बंदी करणारा कायदा आला. मधुमेह, कर्करोग असे रोग बरे करण्याची हमी देणारी जाहिरात तेव्हापासून गुन्हा आहे. ‘शर्तिया इलाज’ रंगवलेल्या भिंती ज्यांनी पाहिल्या आहेत त्यांना या कायद्याच्या अंमलाबद्दल अधिक सांगायला नको.

तरीसुद्धा १९८६ पर्यंत कागदावर भारताकडे ते सर्व होते, जे १९३७ च्या अमेरिकेकडे नव्हते : निर्मितीचा परवाना, विक्रीचा परवाना, निरीक्षक, सरकारी प्रयोगशाळा, नमुने घेण्याचे अधिकार. त्या वर्षीच्या जानेवारी-फेब्रुवारीत मुंबईच्या सर जे. जे. रुग्णालयात मेंदूतील व डोळ्यांतील दाब उतरवण्यासाठी ज्या रुग्णांना ग्लिसरीन पाजले गेले, त्यांपैकी १४ जण मूत्रपिंडे निकामी होऊन दगावले. ग्लिसरीनमध्ये डायएथिलीन ग्लायकॉल होते. एकोणपन्नास वर्षांनंतर, दुसऱ्या खंडात, तोच गोड, रंगहीन, दाटसर द्रव.

हे दोन द्रव एकमेकांत का मिसळतात, याचे उत्तर रसायनशास्त्रापेक्षा बाजारभावात आहे. औषधी दर्जाचे ग्लिसरीन महाग. औद्योगिक दर्जाचे स्वस्त. डायएथिलीन ग्लायकॉल त्याहून स्वस्त. डोळ्यांना, जिभेला, बोटांना तिन्ही सारखी. पिंपावरचे लेबल काढले की त्यांना वेगळे सांगू शकते ती फक्त प्रयोगशाळा. मध्यस्थ जितके अधिक आणि त्यांच्यातील प्रत्येक जण मागच्याच्या कागदावर विसंबून जितका अधिक, तितकी पिंपाची ओळख धूसर होत जाते.

न्यायमूर्ती बख्तावर लेंटिन यांच्या आयोगाने या मृत्यूंची चौकशी केली. आयोगाचा अहवाल पुरवठादारापाशी थांबला नाही. रुग्णालयातील खरेदीची पद्धत, नमुने न तपासता स्वीकारलेला माल, अन्न व औषध प्रशासनातील हलगर्जी व भ्रष्टाचार, आणि त्यावर मंत्रालयातून धरले गेलेले छत्र, या सर्वांवर त्याने कठोर शब्दांत बोट ठेवले. राज्याच्या आरोग्यमंत्र्यांना पद सोडावे लागले. ज्यांनी बँकेत किंवा लेखापरीक्षणात आयुष्य घालवले आहे त्यांना या अहवालातील एक गोष्ट विशेष परिचित वाटेल : कागद नव्हते असे झाले नाही. परवाने होते, निविदा होत्या, शिक्के होते, सह्या होत्या. प्रत्येक सहीचा अर्थ एवढाच होता की, खालची सही आहे.

टेनेसीच्या कंपनीकडे विषाला रोखणारा कायदा नव्हता. पण गॅलनचा हिशेब होता, आणि तो वाचायला २३९ माणसे धावली. मुंबईत कायदा होता, हिशेबाच्या वह्याही होत्या. पण पिंपात काय आहे हे पाहण्याची वेळ कोणावर आली नाही, कारण प्रत्येकाने ते दुसऱ्याने पाहिले असे धरले. औषधांच्या घाऊक धंद्यात मुंबईच्या प्रिन्सेस स्ट्रीटपासून जिल्ह्याच्या गावापर्यंत पिढ्यान्‌पिढ्या काम केलेली घरे आहेत, आणि त्यांतील जुने लोक सांगतील की, घाण माल बहुधा ओळखीच्या माणसाकडूनच येतो. अनोळखी माणसाचा माल तर आपण आधीच उघडून पाहतो.

ऑक्टोबर २०२२ मध्ये आफ्रिकेतील गांबिया देशातील बालकांच्या मृत्यूंनंतर जागतिक आरोग्य संघटनेने भारतात बनलेल्या चार पातळ औषधांविरुद्ध इशारा दिला. त्यांत डायएथिलीन ग्लायकॉल व त्याचेच भावंड एथिलीन ग्लायकॉल सापडले होते. तीन वर्षांनी, २०२५ च्या सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये, मध्य प्रदेशच्या छिंदवाडा जिल्ह्यातील वीसहून अधिक मुले खोकल्याच्या औषधाने गेली. त्यांतील कित्येकांना जवळचे मोठे शहर म्हणून नागपूरच्या रुग्णालयांत आणले होते. औषध तमिळनाडूत बनलेले होते. तेथील सरकारी प्रयोगशाळेने तपासलेल्या नमुन्यात डायएथिलीन ग्लायकॉलचे प्रमाण ४८.६ टक्के निघाले. म्हणजे बाटलीचा जवळजवळ अर्धा भाग.

त्यानंतर केंद्रीय औषध नियंत्रकांनी सर्व राज्यांना पत्र लिहिले : औषधात वापरण्यापूर्वी कच्च्या मालाची आणि विक्रीला सोडण्यापूर्वी तयार औषधाच्या प्रत्येक बॅचची तपासणी होते की नाही, ते पाहावे. पत्रात नवा नियम कोणताही नव्हता. तो नियम पुस्तकात आधीपासूनच होता.